शिवबाईची बालचुक्की

दसरा शनिवारी झाला आणि सोमवारच्या पेपरात, तिसऱ्या पानाच्या कोपऱ्यात, दागिन्यांच्या जाहिरातीच्या बगलेत बोटभर फोटो आला. खाली लिहिलं होतं की दिवस मावळल्यावर पश्चिमेला धूमकेतू दिसेल, साध्या डोळ्यांनी दिसेल, आणि ह्या खेपेला हुकला तर पुढची हजारो वर्षं नाव काढू नका.

शिवबाईनं बातमी दोनदा वाचली. चष्मा पुसून तिसऱ्यांदा वाचली. मग कात्री आणून तेवढा तुकडा कापला आणि देव्हाऱ्यात विभूतीच्या डबीखाली ठेवला.

"अगं, त्याच्या मागं तुरीचा भाव हुता," महादेवप्पा म्हणाले. दुकान मुलाच्या हाती देऊन चार वर्षं झाली, तरी तुरीचा भाव वाचल्याशिवाय त्यांच्या घशाखाली चहा उतरत नव्हता.

"तूर उद्या बी हाय," शिवबाई म्हणाली. "ही न्हाय."

महादेवप्पांनी पेपरातल्या भोकातून बायकोकडं बघितलं. बायकोचं वय सहासष्ट. गुडघे दुखतात म्हणून जिन्याला शिव्या देणारी बाई. आणि आता ही गच्चीत काय काय टाकलंय, कुठली पाण्याची टाकी कुठली दिशा झाकते, ह्याची चौकशी करत होती. त्यामागचं कारण त्यांना ठाऊक होतं. सगळ्या सोयऱ्याधायऱ्यांना ठाऊक होतं.

गोष्ट पासष्ट सालातली. शिवबाईचं माहेर अक्कलकोटच्या खालच्या अंगाला, जिथं कोंबडं मराठीत आरवतं आणि कुत्रं कानडीत भुंकतं अशा गावात. शिवी तेव्हा सात वर्षांची. थोरली शरणम्मा अकराची. दिवाळीच्या सुमाराला, पहाटेच्या अंधारात, आजी अंगणात गेली आणि तिथूनच ओरडली, "बालचुक्की! बालचुक्की बंदद!"

कानडीत चुक्की म्हणजे चांदणी. बाल म्हणजे शेपूट. शेपटीची चांदणी आली, उठा रे, असं म्हातारी सांगत होती. सगळं घर अंगणात धावलं. राहिली झोपलेली शिवी आणि काकू. काकू नुकतीच लग्न होऊन आलेली, बार्शीकडची, कानडीचं एक अक्षर कळत नव्हतं. तिनं ऐकलं, "बाळचुकी." बाळाची चुकी झाली. आता अशा अवेळी बाळाकडून चुकी ती काय होणार? काकूनं अंधारातच शिवीला उचललं, कोरडं परकर-पोलकं घातलं, दुसऱ्या अंथरुणावर टाकलं आणि थोपटून थोपटून गाढ झोपवलं. नवी सून, कामाला वाघ. शिवी उठली तेव्हा ऊन परसातल्या शेवग्यावर आलं होतं आणि गावभर एकच विषय चालला होता. दुसऱ्या दिवसापासून ढग आले. ढग गेले तेव्हा तीही गेली होती.

अंथरूण ओलं होतं की कोरडं, हे त्या रात्री कुणी हात लावून बघितलं नव्हतं. शिवबाईचं म्हणणं एकोणसाठ वर्षं एकच, कोरडं होतं. पण शरणम्मानं तेव्हाच दोन ओळी जुळवल्या होत्या, आणि त्यानंतर घरातल्या एकाही हळदीला त्या चुकल्या नाहीत.

आली आभाळी पाव्हणी, गाव सारं जागं झालं,
आमच्या शिवीनं गं बाई, अंथरूण ओलं केलं.

शिवबाईच्या स्वतःच्या हळदीला म्हटल्या. तिच्या मुलाच्या, बसवेशच्या हळदीला, नव्या सुनेसमोर म्हटल्या. आणि आता मार्गशीर्षात शरणम्माचा नातू गुरु बोहल्यावर चढणार होता. नवीन सोयरे कलबुर्गीकडचे. म्हणजे नवीन कान.

"एकदा डोळ्यांनी बघू दे मला," शिवबाई म्हणाली. "मग बघते कोण म्हणतंय गाणं."

* * *

सोमवारी ढग.

मंगळवारी महादेवप्पाच गच्चीत आधी पोचले आणि खाली ओरडले, "आली गं! आली! सिद्धेश्वराच्या देवळाच्या बाजूनं, तांबडी!" शिवबाई गुडघ्यावर हात ठेवून, एका पायरीला एक थांबा घेत वर आली. तो मोबाईलच्या टॉवरचा दिवा होता.

"त्याला शेपूट कुटं हाय?"

"खालती लोखंडाचं हाय की येवढं मोठं!"

बुधवारी कोजागिरी. गच्चीत सगळी गल्ली जमली, दूध आटलं, चारोळ्या पडल्या, आणि पूर्वेकडून चंद्र असा वर आला की आभाळ नुसतं धुतल्यासारखं पांढरं. माणसं वाटीत चंद्र बघत होती. शिवबाई एकटी त्याच्याकडं पाठ करून पश्चिमेला तोंड करून बसली होती.

"अव्वा, दूध घ्या की," दिपाली म्हणाली. दिपाली वरच्या खोलीतली भाडेकरू. चिंचोळी एमआयडीसीत एका कारखान्याच्या लॅबमध्ये नोकरी. सांगोल्याकडच्या धनगराची पोर, बोलायला तिखट आणि मायेला मऊ. गल्लीतली सगळी मंडळी शिवबाईला अव्वा, म्हणजे आईच म्हणायची, तीही म्हणायची.

"घेते. पण ह्या मेल्याला कुनी बोलावलं हुतं आज?"

"कुणाला?"

शिवबाईनं न वळता अंगठ्यानं मागं दाखवलं. दिपालीनं वळून बघितलं. तिथं फक्त चंद्र होता.

रोज रात्री साडेआठाला फोन वाजायचा. शरणम्माचा, अक्कलकोटपलीकडच्या तिच्या सासरच्या खेड्यातून.

"दिसली का गं?"

"न्हाय अजून."

"मला दिसली हुती."

"म्हाईत हाय, अक्का."

"अशी मोठी! झाडूएवढी! हिकडनं तिकडं!"

"मग आता बी बघ की. तुज्या अंगणातनं तर सगळं आभाळ मोकळं हाय."

"मला काय करायचीय? मी बघितलीय खरी. तिच्यापुढं ही म्हंजे पणती." आणि मग, फोन ठेवता ठेवता, हळूच, "अंथरूण बिंथरूण कोरडं हाय न्हवं?"

फोन ठेवल्यावर शिवबाई स्वयंपाकघरात भांडी वाजवत बसायची. महादेवप्पा बाहेरून मोजायचे. तीन भांडी म्हणजे राग साधा. पातेलं पडलं म्हणजे शरणम्मानं अंथरुणाचं काढलं.

गुरुवारी दिपालीला ते आवाज वरच्या खोलीत ऐकू आले. ती खाली आली, सगळी हकिगत ऐकली, हसून हसून उंबऱ्यावर बसली आणि मग डोळे पुसत तिनं बापाला फोन लावून शिवबाईच्या हाती दिला.

बिरुदेव कुठल्यातरी माळावर होता. मागं मेंढरांचा आवाज, कुत्र्याचा आवाज, वारा.

"त्याच्यात काय हाय? आमी रोज बघतुय की," तो म्हणाला. "मेंढरं जाळीत कोंडली, वर बघितलं, तर ही बया हुबी. लाजल्यावानी. चंद्र नसंल तवा बघायचं बगा, आक्का. शनवारी चंद्र उशिरा उगवतुय, पावणेआठाला. दिवस बुडून अंधार पडला की तुमाला तासाभराची सवड हाय."

"पर ती कुटं शोधू?"

"शुकराची चांदणी वळखता?"

"व्हय की. लई लखलखती ती."

"ती आभाळातल्या इंचवाच्या तोंडापाशी बसलीया. हात ताठ करा. मूठ वळा. चांदणीवर मूठ ठेवा. तितनं दोन मुठी उजवीकडं. मग दोन मुठी वर. आन मग थेट बघू नगा."

"मग कसं बघू?"

"नव्या नवरीकडं बघताव तसं. जरा बाजूला बघायचं. ती आपसूक दिसती. टक लावली की जाती."

शुक्रवारी दिवसभर शिवबाईनं मुठींचा सराव केला. देव्हाऱ्यातल्या समईवर मूठ, तिथून दोन मुठी उजवीकडं खुंटी, दोन मुठी वर कॅलेंडर. चुलीवर भाकरी असतानाही तिचा हात ताठ होऊन मूठ वर गेली, तेव्हा महादेवप्पा दारात उभे होते.

"मी काय केलंय?" ते म्हणाले.

* * *

शहरातून काही दिसायचं नाही, हे दिपालीनं ठरवून टाकलं. शनिवारी कंपनीच्या बसमधून उतरली ती सरळ स्कूटी काढूनच उभी राहिली.

"बसा अव्वा. देगावच्या पुढं जाऊ. शहराचा उजेड पाठीमागं राहील."

महादेवप्पांना स्कूटीवर जागा नव्हती. ते वाईट वाटून न घेता गच्चीची किल्ली घेऊन निघाले. "तुमी जावा. मी हितं थांबतो. हितं आली तर फोन करतो."

शिवबाईनं दोन्ही पाय एका बाजूला घेतले, दिपालीच्या खांद्याला धरलं आणि डोळे मिटून सिद्धेश्वराचं नाव घेतलं. ते नाव संपेपर्यंत घरं संपली. तुरीचा पट्टा लागला, मग नुकती उगवलेली ज्वारी, काळ्या रानात हिरव्या टाक्यांची शिवण घातल्यासारखी. दिपालीनं एका बांधापाशी गाडी लावली. मागं सोलापूर पिवळं दिसत होतं. पुढं आभाळ चुलीतल्या विझत चाललेल्या आरासारखं. आणि त्या आरावर, खाली, एकटी शुक्राची चांदणी. इतकी ठसठशीत की शिवबाईला वाटलं, कुणाच्यातरी शेतातला दिवाच आहे.

"तीच," दिपाली म्हणाली. "आता थांबायचं. अंधार भरू द्या."

दोघी थांबल्या. डास आले. शिवबाईनं पदर कानावरून घेतला. रस्त्यानं एक मोटरसायकल आली, पुढं गेली, आणि वळून परत आली. दुधाच्या किटल्या अडकवलेला एक मिशाळ गडी होता.

"काय हरवलं काय, मावशी?"

"न्हाय बाबा. चुक्की शोधतुय."

गड्यानं विचार केला. "कुनाची चुकी?"

"कुनाची न्हवं. आभाळातली."

"म्हंजे देवाची," गडी म्हणाला. "घावली तर आमाला बी सांगा. आमच्याकडं बी हिशेब हाय त्याचा." आणि किटल्या खडखडवत गेला. दिपालीला हसू आवरेना. शिवबाईनं तिला दटावलं, "हसू नको, हात हलतील," आणि हात ताठ केला.

मूठ चांदणीवर. एक मूठ उजवीकडं. दोन. आता वर. एक. दोन.

काही नाही.

नुसतं काळं आभाळ आणि दोन-चार बारक्या चांदण्या. शिवबाईनं पुन्हा मोजलं. काही नाही. हात दुखायला लागला. तिनं डाव्या हातानं उजव्याला टेकू दिला. मनात आलं, चष्म्याचा नंबर बदललाय. मग आलं, बातमीच खोटी. मग एक अगदी वाईट विचार आला. आपल्या नशिबातच नाही. कुणीतरी आपल्याला पुन्हा थोपटून झोपवतंय.

"अव्वा," दिपाली हळूच म्हणाली, "टक लावताय तुमी."

मग शिवबाईनं नजर काढून घेतली. लांबवर एक विजेचा खांब होता, त्याच्याकडं बघितलं. असंच, काम नसल्यासारखं.

आणि डोळ्याच्या कडेला ती होती.

फार मोठी नव्हती. लाल नव्हती, पेटलेली नव्हती. काळ्या तव्यावर पिठाचं बोट ओढावं, खालती जरा दाबावं आणि वर नेता नेता उचलून घ्यावं, तशी. खाली पुसट टिपका, वर निमुळतं होत गेलेलं पीठ. शिवबाईनं हळूच नजर वळवली तेव्हा ती पळाली नाही. तिथंच होती. आता सगळीकडून दिसत होती. इतका वेळ कशी दिसली नाही, असं वाटावं इतकी दिसत होती.

"आगं बया," शिवबाई म्हणाली. "ही व्हय तू."

दिपालीलाही दिसली. तिनं शिट्टी वाजवली, मग मोबाईल काढून फोटो घेतला. फोटोत फक्त काळोख आला आणि कोपऱ्यात शिवबाईची मूठ.

शिवबाईनं पिशवीतून आपला फोन काढला. दिपालीला वाटलं, नवऱ्याला लावणार. पण साडेसात वाजत होते, चंद्राला जेमतेम पाव तास होता, आणि नवरा दुसऱ्या नंबरावर होता.

"अक्का! अंगणात ये."

"मी भाकरी थापतेय." बहिणी-बहिणींचं बोलणं निम्मं कानडी, निम्मं मराठी, कुठं सांधा बदलला ते त्यांनाही कळायचं नाही. "आन लाईट गेलीय हितं."

"लई चांगलं झालं. तशीच ये. मला दिसलीय."

पलीकडं भाकरीची थाप थांबली. "खरं?"

"शंकराची आन. तुला दावते. ये बाहेर."

तवा उतरवल्याचा आवाज आला, दार वाजलं, चपला ओढल्या गेल्या. शिवबाईनं बिरुदेवाच्या थाटात सांगायला सुरुवात केली. चांदणी सापडली का, सापडली. हात ताठ. मूठ. उजवीकडं दोन...

"दिसली की!" शरणम्मा ओरडली.

"अगं, वर दोन मुठी राहिल्यात अजून."

"दिसली म्हनते न्हवं? केवढी मोठी! लाल!"

"लाल?"

"लालभडक. आन लुकलुक करतीया. आन चालतीया बघ!"

शिवबाईनं आभाळाकडं बघितलं. तिची बालचुक्की काही चालत नव्हती. "कुणीकडं चालली, अक्का?"

"हैदराबादकडं."

दिपालीनं तोंडात ओढणी कोंबली. शिवबाई मात्र हसली नाही. तिच्या कानात तो आवाज अडकला होता. 'दिसली म्हनते न्हवं.' घाईचा, जरा जास्त मोठा, पुढचा प्रश्न येऊ नये म्हणून पुढं केलेला. हा आवाज तिच्या ओळखीचा होता. 'झाडूएवढी, हिकडनं तिकडं' हे शरणम्मा ह्याच आवाजात सांगायची. शब्द तेच, मधला श्वास घ्यायची जागाही तीच. पाठ केल्यासारखं.

"अक्का," ती म्हणाली, "तवाच्या बालचुक्कीचं शेपूट कुणीकडं हुतं गं?"

"सांगितलंय की हजारदा."

"तू मोठी सांगितलीस. शेपूट कुणीकडं, ते न्हाय सांगितलंस कधी. वर का खाली?"

फोनमधून कुत्र्याचं भुंकणं आलं. लांब कुणीतरी कुणालातरी हाक मारत होतं. शरणम्माचा श्वास ऐकू येत होता. सत्तरीतली बाई, अंधाऱ्या अंगणात, पिठाचे हात घेऊन उभी.

"मी आजीच्या पदरात हुते," शरणम्मा म्हणाली. फार बारीक आवाजात. "ती म्हनली, ही आली की एखादं घर झाडून नेती. मला वाटलं, आमचंच. डोळं गच्च मिटलं मी. सगळी बघत हुती आन मी नुसतं ऐकत हुते. कोन काय म्हनतंय ते."

शिवबाईनं फोन दुसऱ्या कानाला लावला.

"सकाळी तू उठलीस आन विचारलंस, तुला दिसली का. मग काय सांगू? न्हाय म्हनले असते तर दोघी बी..." शरणम्मा थांबली. "तुज्यावर गाणं केलं, मग माजं कुनी विचारलंच न्हाय."

एकोणसाठ वर्षं! शिवबाईनं तेवढ्या वर्षांतल्या सगळ्या हळदी मनातल्या मनात आठवल्या. एकेका हळदीचा वेगळा सूड घेता आला असता. गुरुच्या मांडवात, कलबुर्गीच्या सोयऱ्यांसमोर, माईक हातात घेऊन. तिच्या जिभेवर दोन ओळी आयत्याच येऊन बसल्या होत्या, यमकासकट. तिनं त्या गिळल्या नाहीत, गालात दाबून ठेवल्या. सोडून द्यायला त्या फारच चांगल्या होत्या.

"शिवी? हाय का फोनवर?"

"हाय."

"लगनात सांगू नको गं."

"सांगनार."

"शिवी!"

"सांगनारच, अक्कानं बी बघितली म्हनून. पर त्याच्याआधी एकदा बघून तर घे. न्हायतर मी खोटं बोलले असं हुईल." शिवबाईनं चष्मा नाकावर नीट केला. "ते लाल दिव्याचं इमान जाऊ दे हैदराबादला. हात ताठ हाय का? मूठ चांदणीवर ठेव."

"ठेवली."

"दोन उजवीकडं. सावकाश. आता वर, एक."

"एक."

"दोन."

"दोन. काय न्हाय गं हितं. काळं हाय."

"असू दे काळं. तू तिच्याकडं बघूच नको. जरा बाजूला बघ. गोठ्याच्या छपराकडं बघ." शिवबाई बोलत होती आणि तिचा स्वतःचा हात हवेत तसाच वर होता, जणू तिकडची मूठ हिनंच धरली होती. "म्हशीचा इचार कर. भाकरीचा कर. बघायचं म्हनून बघू नको."

दिपालीनं मागं वळून पूर्वेकडं बघितलं. सोलापूरच्या दिव्यांवर आभाळ जरासं उजळायला लागलं होतं. तिनं शिवबाईच्या पाठीला बोट लावलं. शिवबाईनं मान हलवली, कळलं म्हणून, पण आवाजात घाई येऊ दिली नाही.

"शिवी," शरणम्मा म्हणाली. हळू. ह्या आवाजात तिला कुणी बोलताना ऐकलं नव्हतं. "पिठाचं बोट लागल्यासारखं काय हाय गं ते?"

शिवबाईनं पिठाचं तिला सांगितलं नव्हतं.

"तीच, अक्का."

"येवढीशी?"

"येवढीशीच."

"लई गरीब दिसती गं. ही कुनाचं घर झाडून न्हेनार?" शरणम्मा हसली, मग तिचं नाक ओढल्याचं ऐकू आलं. "शेपूट वर हाय, शिवी. वर."

"व्हय. वर."

दोघी बघत राहिल्या. फोन चालूच होता. एकीकडं बांधावर, एकीकडं अंगणात, मधे सगळा अक्कलकोट तालुका आडवा पडलेला. दिपाली गाडीला टेकून उभी राहिली. मागून चंद्राची कड वर आली तसं ज्वारीच्या रोपांना सावल्या फुटायला लागल्या.

"जातीया का गं?" शरणम्मानं घाबऱ्याघुबऱ्या आवाजात विचारलं. "फिकी झाली."

"न्हाय जात. चंद्र आलाय म्हनून. हाय ती," शिवबाई म्हणाली. "डोळं मिटू नको म्हंजे झालं."